निपाणी ते बेळगाव : मुळीपासून सुईपर्यंत

निपाणीहून बेळगावचा हमरस्ता धरावयाचा झाला की प्रथम निरोप देतो तो तंबाखूचा उग्र दर्प. या पिकाने कैक संसार उभे केले. त्यानेच किती जणांची छाती पोखरली, हेही या बाजूच्या घराघरांस ठाऊक आहे.

बेळगावी टिळकवाडीत ‘व्हॅक्सिन डेपो’ नावाचे विस्तीर्ण, वृक्षांनी गर्द झालेले आवार आहे. पहाटे तेथे फिरावयास येणाऱ्यांपैकी कितीजण त्या नावाचा विचार करीत असतील? ब्रिटिश अमदानीत येथे वासरांच्या कातडीवर देवीची लस वाढवून ती मुंबई इलाख्यात धाडीत. खेड्यापाड्यांत मात्र देवी आल्या म्हणजे दारी निंबाचा डहाळा बांधावा, रोग्याला निंबाच्या पाल्यावर निजवावे, हाच उपचार चाले. पाल्याने अंगाची आग थोडी शमत असेल. मरण टळत नसे. ते टळले टोचणीने. १९७५ साली भारतातील अखेरचे रुग्ण आढळले आणि १९८० साली देवी जगातून गेल्याचे जाहीर झाले.

म्हणून झाडपाला टाकाऊ, असे कोणी समजू नये. शहापुरात १९३३ पासून आयुर्वेद महाविद्यालय आहे. नेहरूनगरात २००६ साली निघालेली सरकारी संशोधनसंस्था आता राष्ट्रीय पारंपरिक औषध संस्था म्हणून ओळखली जाते. तेथील संशोधकांनी अभ्यासलेल्या वनस्पतींत सह्याद्रीतील नरक्या आहे. (फुलांच्या दुर्गंधीमुळे बिचाऱ्यास हे नाव!) १९६६ साली अमेरिकेत एका चिनी वृक्षातून कॅम्प्टोथेसिन हे कर्करोगविरोधी द्रव्य काढले गेले, १९७२ साली तेच आपल्या नरक्यात सापडले. परंतु मूळ द्रव्य रोग्यास सोसवेना. त्यात फेरफार करून सिद्ध केलेली औषधे १९९४ पासून वापरात आली. त्यांपैकी टोपोटेकान हे फुप्फुसाच्या एका प्रकारच्या कर्करोगावर देतात. तंबाखूच्या व्याधीवर रानातल्या झाडाचा उतारा! पण, वाचकहो, हा उतारा चुलीवर उकळून घ्यावयाचा नव्हे. तो मापून, वारंवार रक्त तपासून द्यावा लागतो.

खोकल्यातून रक्त पडू लागले तरी महिनामहिना काढ्यावर काढणारी माणसे आमच्याकडे अजून आहेत. मुळी देणाऱ्या म्हाताऱ्यांचा मी अनादर करीत नाही. त्यांना रानाची ओळख आहे, छातीच्या आतले त्यांना दिसत नाही. बेळगाव येथून अवघे पाऊणशे किलोमीटर.

चंदगड, दोडामार्गाकडील रानांत मात्र याच नरक्याची चोरटी तोड होत आली आहे. मुळासकट उपटल्यावर झाड पुन्हा कोठून फुटणार?