धसकटांच्या वावरातलं ऊन

आमच्या केमचं नाव निघालं की लोक कुंकवाचं विचारतात. साहजिक आहे, गाव त्यासाठीच ओळखलं जातं. मी निसर्गचित्रं काढतो म्हटल्यावर पुढचा प्रश्न ठरलेला, ‘मग रंगात कुंकू घालता का?’ नाही घालत. हळदीला क्षार लागला की ती लाल होते, पण हळदीचा रंग उजेडात टिकत नाही. कपाळावर रोज नवं लावायचं, म्हणून तिथं चालून जातं.

दुसरा प्रश्न जास्त टोचतो. ‘इथं काढण्यासारखं आहे काय?’ घाट नाही, धबधबा नाही. माळ, बांध, बाभळी आणि सोलापूर-पुण्याची रेल्वे. फ्रान्समध्येही एके काळी हाच प्रश्न होता. तिथल्या अकादमीला निसर्गचित्रात एखादा देव नाहीतर वीर लागायचा. कोरो, दोबिन्यी ही चित्रकार मंडळी मात्र साधी तळी, शेतं, नदीकाठ काढत बसली. दोबिन्यीनं तर १८५७ साली होडीचाच स्टुडिओ केला आणि ओआज, सेन या नद्यांवर हिंडला. लांब कशाला, कोल्हापूरचे आबालाल रहिमान कोटितीर्थाचा एकच परिसर पुनःपुन्हा रंगवत राहिले.

कोरोकडून मी घेतलं ते एवढंच, की रंगाआधी उजेड-अंधाराचा हिशेब लावायचा. डोळे किलकिले केले की फांद्या-पानं जातात आणि फिकं, मध्यम, गडद एवढंच उरतं. मात्र पुस्तकातला नियम इथं तंतोतंत लागू होत नाही. आभाळ सगळ्यात उजळ आणि जमीन त्याहून गडद, असं शिकवतात. एप्रिलमध्ये सकाळी नऊला सूर्य पाठीशी घेऊन ज्वारी काढलेल्या वावराकडे बघा. धसकटं आभाळाहून उजळ दिसतात. तिथं आभाळच थोडं दाबावं लागतं, नाहीतर ऊन चित्रात येतच नाही. काळी मातीही वाळली की काळी राहत नाही. अल्ट्रामरीनमध्ये बर्न्ट सिएना मिसळून करडा करायचा आणि पाणी सढळ ठेवायचं. खरा गडद फक्त बाभळीच्या बुंध्याशी. बाभळीचा हिरवाही ट्यूबमधला थेट लावला तर प्लास्टिकचा वाटतो, त्यात चिमूटभर लाल हवाच.

जलरंगाला इथली हवा मानवत नाही. प्रल्हाद अनंत धोंडांची समुद्राची चित्रं बघताना मला हेवा वाटतो तो त्या ओलाव्याचा. ओल्यात ओला रंग सोडावा आणि तो निवांत पसरावा, ही चैन आमच्या उन्हाळ्यात नाही. आभाळाचा वॉश डावीकडून उजवीकडे नेईपर्यंत डावी कड वाळून तिची रेघ उमटते. म्हणून कागद जाड घ्यायचा, मागून-पुढून भिजवायचा, पाण्यात ग्लिसरीनचे दोन थेंब टाकायचे. दहाच्या आत आवरायचं. नंतर सावल्या आखडतात आणि सगळं सपाट होतं.

परवा वावराचे मालक मागे येऊन उभे राहिले. बराच वेळ बघून म्हणाले, ‘बाभळ आमचीच हाय. कडब्याची गंज कुठं गेली?’ गंज मी मुद्दाम गाळली होती, तिच्यामुळं बांधाची रेघ मधेच तुटत होती. त्यांना ते पटलं नाही. वर्षाची वैरण होती त्यात. ‘दुसऱ्या बाजूनं बसतो, तिकडून गंज पुढं येईल,’ म्हटलं. ‘मग म्हशीबी घ्या,’ म्हणाले.