परक्याचे धन

आमच्याकडे मुलीला परक्याचे धन म्हणतात. गंमत अशी, की या परक्या धनाला घरातली कामे मात्र अगदी आपल्या माणसासारखी करावी लागतात. आईचे गुडघे दुखू लागल्यापासून पहाटेचे पाणी, भाकऱ्या, धाकट्याचा डबा हे सारे माझ्याकडे आले. त्याचे मला ओझे वाटत नाही. ओझे वाटते ते “पदवी झाली, आता पुरे” या वाक्याचे. मला एम. ए.साठी पुण्याला जायचे आहे.

रमाबाई रानड्यांच्या आठवणी मी दोनदा वाचल्या. १८७३ साली, अकराव्या वर्षी लग्न होऊन त्या पुण्याला आल्या. माधवराव त्यांना शिकवीत आणि घरातल्या वडीलधाऱ्या बायका त्यावरून टोचून बोलत. पहिल्या वाचनात मला त्या बायकांचा राग आला. दुसऱ्या खेपेला ध्यानात आले, की रमाबाईंचे शिकणे हे पतीची आज्ञा पाळणेही होते. त्यांची इच्छा कर्तव्याच्याच पदराआड वाढली.

रखमाबाईंना असा पदर नव्हता. लग्न त्यांचेही अकराव्या वर्षीच झाले. पण त्या नांदायला गेल्या नाहीत. १८८४ साली नवऱ्याने दावा लावला. पाठीशी उभे राहिलेले सावत्र वडील, डॉ. सखाराम अर्जुन, १८८५ साली वारले. १८८७ साली कोर्टाने बजावले, नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. बाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली! पुढे १८८८ साली तडजोड झाली आणि त्या विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या.

मी आपली रमाबाईंच्या वळणाची. घरी सांगते, “एम. ए. झाले की नोकरी लागेल, धाकट्याच्या शिक्षणाला हातभार होईल.” यात खोटे काही नाही. पण मला वाचायचे आहे, एवढेच मुख्य कारण. आणि मुलीच्या तोंडी ते कारण पुरेसे धरत नाहीत. धाकट्याला मात्र येताजाता पाहुणेसुद्धा विचारतात, “तुला काय व्हायचंय रे?”

कायद्याने २००५ सालापासून एकत्र हिंदू कुटुंबाच्या मालमत्तेत मुलगी मुलाच्या बरोबरीची आहे. म्हणजे कागदावर तरी मी परकी नव्हे.

परवा रात्री अंथरुणे घालताना आईला विचारले, “मी गेले तर तुझं कसं होईल गं?”

“होईल कसंतरी,” ती म्हणाली. दिवा मालवल्यावर बऱ्याच वेळाने अंधारातूनच तिने विचारले, “फॉर्म कधीपर्यंत भरायचाय?”

सोमवारपर्यंत. बाबांना अजून सांगायचे आहे.