झाकली मूठ

घरमालक म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे पोट सुटलेला, बोटांत अंगठ्या घातलेला आणि एक तारखेला दारात उभा राहणारा गृहस्थ येतो. आमचे मामाही घरमालक आहेत. पण त्यांच्या अंगावर सोने शोधाल तर ते एका दातात सापडेल! गिरगावात वडिलांनी मागे ठेवलेले दुमजली घर, शिक्षकाची पेन्शन आणि तळमजल्यावर वह्या-पेन्सिलींच्या दुकानाला दिलेला एक गाळा, एवढीच त्यांची इस्टेट.

गाळ्याचे महिन्याचे भाडे ऐकले की नवख्या माणसाला ते रोजचे वाटते. मुंबईच्या १९४७ च्या भाडे कायद्याने भाडी १ सप्टेंबर १९४० च्या आकड्याला बांधून ठेवली होती. १९६४ साली ट्रामही गेली, पण भाडे हलले नाही. ही गोठलेली भाडी आता न्याय्य राहिलेली नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९७ मध्ये सांगितले. मग ३१ मार्च २००० पासून नवा कायदा लागू झाला आणि वर्षाला चार टक्के वाढ मिळू लागली. साठ रुपयांचे चार टक्के काढायला मामांना कागद लागला नाही.

मामांचे भांडण मात्र भाड्यासाठी नव्हते. मुलगा डॉक्टर झाला, त्याला दवाखान्यासाठी जागा हवी होती. म्हणून दावा लावला आणि तो हरले. गरज खरी आहे, हे न्यायाधीशांनी मान्य केले. पण कायदा तेवढ्यावर भागवत नाही. जागा सोडावी लागली तर भाडेकरूची अडचण आणि न मिळाली तर मालकाची अडचण, यांत मोठी कुणाची, हे तोलून पाहावे लागते. पारडे दुकानदारांकडे झुकले.

अपील तीस दिवसांत करायचे असते. मुंबईत ते लघुवाद न्यायालयाच्याच दोन न्यायाधीशांपुढे चालते. म्हणजे धोबीतलावची तीच इमारत आणि तेच जिने! सोबतीला मी होतो. पलीकडच्या बाकावर दुकानदार बसले होते. आम्ही सारे त्यांना काका म्हणतो.

अपिलात सहसा नव्या साक्षी होत नाहीत. जुन्याच वाचून दाखवतात. वकील वाचू लागले. मुलगा दुसऱ्याच्या दवाखान्यात तासावर बसतो, त्याच्या शिक्षणाचे कर्ज अजून फिटलेले नाही, पेन्शन वीस तारखेलाच संपते. जे मामींनी सख्ख्या बहिणीला कधी कळू दिले नव्हते, ते भर कोर्टात मोठ्याने वाचले जात होते. मग काकांची पाळी आली. शाळा आता वह्या स्वतःच देतात, जून सोडला तर गल्ला भरत नाही, दिवाळीतले ते झगमगते दिवे उसन्या पैशांचे. दोघेही मान खाली घालून ऐकत होते. आपल्या पांढरपेशा घरांत मूठ झाकून जगण्याची केवढी शिकवण! इथे जो मूठ अधिक उघडेल, तो जिंकणार होता.

त्याच कायद्यात एक सोय आहे. जागेचा काही भाग देऊन कुणाचीच अडचण होत नसेल, तर तेवढ्याच भागाचा हुकूम होऊ शकतो. गाळ्याला दोन दारे होती. अपिलात अर्धा गाळा मामांना मिळाला. मध्ये भिंत उठली. एकीकडे वह्या, एकीकडे औषधे.

भिंतीचा खर्च मामांचा, रंग काकांचा. बोलणे पूर्वीपेक्षा थोडे कमीच आहे. पण नातवासाठी वही घ्यायला मामा खाली उतरले की काका पैसे घ्यायला तयार नसतात. पेन्शन कधी संपते, ते त्यांना ठाऊक आहे. आणि पैसे दिल्यावाचून मामा वही उचलत नाहीत; काकांचा गल्ला कधी भरतो, हे त्यांनाही ठाऊक आहे.