पोवळ्यांचा वाडा

पोवळें ही वस्तु आमच्या घरांतून परकी नाहीं. नवरत्नांत तिची गणना आहे. मंगळाची पीडा टळावी म्हणून ती अंगठींत बसवितात, आणि वैद्यांच्या कपाटांत प्रवाळभस्माची बाटली असतेच. परंतु हें रत्न खाणींतला खडा नसून सजीव प्राण्यांच्या वसाहतीचा सांगाडा आहे, ही गोष्ट तें बोटांत घालणारांपैकीं किती जणांच्या ध्यानांत असते, कोण जाणे! अंगठींतलें तांबडें पोवळें मुख्यतः भूमध्य समुद्रांतलें; तें बेटें बांधीत नाहीं. बेटें बांधणारे त्याचे भाऊबंद उष्ण कटिबंधांतल्या उथळ, सूर्यप्रकाशानें उजळलेल्या पाण्यांत राहतात.

हा बांधकाम करणारा प्राणी बहुधा तांदळाच्या दाण्याएवढाच असतो. समुद्राच्या पाण्यांतला चुना घेऊन तो आपल्याभोंवतीं वाटीसारखें घर बांधतो, आणि त्याच्या घरावर पुढच्या पिढ्या आपलीं घरें चढवितात. त्याच्या शरीरांत सूक्ष्म शेवाळ राहतें. तें सूर्यप्रकाशावर अन्न तयार करून यजमानास देतें, व यजमान त्यास आसरा देतो. एकत्र कुटुंबांत वाढलेल्या वाचकांस हा व्यवहार समजावून सांगण्याची गरज नाहीं. इ. स. १८४२ मध्यें डार्विनसाहेबांनीं असें प्रतिपादन केलें कीं, ज्वालामुखीचें बेट हळूहळू खचत जातें, त्याच्या कडेचीं पोवळीं मात्र वर वर बांधीत राहतात, आणि शेवटीं मूळ डोंगर बुडून कंकणाकृति बेट तेवढें उरतें. पुढें १९५२ सालीं पॅसिफिक महासागरांतल्या एनिवेटोक बेटावर भोंक पाडून पाहिलें, तेव्हां चार हजार फुटांहून अधिक चुनखडीखालीं खरोखरच ज्वालामुखीचा काळा दगड लागला. पायाखालची जमीन खचत असतांहि घर उभें ठेवण्याची ही चिकाटी पाहून आम्हांस मोठें नवल वाटतें.

गेल्या उन्हाळ्यांत या विषयावरून आमच्या घरीं बराच वाद झाला. आमची पुतणी महाविद्यालयांत भूगर्भशास्त्र शिकते. २०२४ सालीं समुद्र तापून लक्षद्वीपचीं पोवळीं पांढरीं पडलीं, ही हकीकत ती सांगत होती. आमचे वडील बंधु म्हणाले, “अग, पृथ्वीनें असे पांच प्रलय पाहिले. पोवळीं गेलीं नि पुन्हां आलीं. सृष्टीची काळजी तूं करूं नकोस.” त्यावर ती नम्रपणें म्हणाली, “पण अण्णाकाका, परत आलीं तीं कोण आलीं?”

प्रश्न मार्मिक आहे, आणि त्याचें उत्तर दगडांतच लिहिलेलें आहे. सुमारें ५२ कोटि वर्षांपूर्वीं स्पंजाच्या जातीच्या, पेल्यासारख्या प्राण्यांनीं समुद्रांत असे बांध घातले. एकदोन कोटि वर्षांत त्यांची सद्दी संपली. मागून दोन जुन्या कुळांचीं पोवळीं आलीं. त्यांनीं व त्यांच्या सोबती स्पंजांनीं डेव्होनियन युगांत उभारलेल्या भिंती पश्चिम ऑस्ट्रेलियांत विंजाना नांवाच्या घळींत आजहि दिसतात. त्या काळच्या पोवळ्यांच्या अंगावर रोजच्या वाढीच्या बारीक रेघा आहेत. जॉन वेल्स या अमेरिकन शास्त्रज्ञानें १९६३ सालीं त्या मोजल्या, तों एका वर्षांत सुमारें ४०० भरल्या! म्हणजे तेव्हां पृथ्वी अधिक वेगानें फिरत होती, आणि दिवस आजच्याहून लहान होता. असली रोजनिशी ठेवणारींहि तीं कुळें टिकलीं नाहींत. २५ कोटि २० लक्ष वर्षांपूर्वीं सायबेरियांत लाव्ह्याचे प्रचंड पूर लोटले, समुद्र तापला व आम्लावला. आणि दोन्ही कुळांचा निर्वंश झाला. त्यानंतर निदान पन्नास लक्ष वर्षें दगडांत पोवळ्याचा मागमूस नाहीं.

मग आलीं तीं आजचीं पोवळीं. तीं बहुधा सांगाडा नसलेल्या निराळ्याच पूर्वजांपासून उपजलेलीं. त्यांसहि वाडा निर्वेध लाभला नाहीं. क्रिटेशियस युगांत शिंपल्यांच्या जातीच्या रुडिस्ट नांवाच्या प्राण्यांनीं उथळ समुद्राचा बराच भाग बळकाविला. ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं मेक्सिकोच्या किनाऱ्याशीं अशनि कोसळला, आणि तेहि नामशेष झाले. आमच्या सह्याद्रीचा काळा पाषाण ज्या लाव्ह्याचा, तो त्याच सुमारास वाहत होता.

तात्पर्य, वाडा तोच दिसतो. नांदणारे मात्र वेळोवेळीं निराळे. अण्णांचें म्हणणें खोटें नव्हे, पण तें अर्धें आहे. आमची मानवजात अवघी तीन लक्ष वर्षांची. ऑस्ट्रेलियाचा विद्यमान महाप्रवाळबांध हिमयुग ओसरून समुद्र चढल्यानंतरचा, दहा हजार वर्षांच्या आंतला. पन्नास लक्ष वर्षांच्या उजाडींत अशीं किती मनुष्यकुळें मावतील! शिवाय या वेळचा लाव्हा आमच्याच चुली, गाड्या व गिरण्या ओकीत आहेत. नेहमींच्या उन्हाळ्याहून एखादा अंश अधिक उष्णता कांहीं आठवडे टिकली, कीं शेवाळाचें व पोवळ्याचें बिनसतें. शेवाळ बाहेर पडतें, यजमान पांढरा पडतो, आणि पाणी वेळीं निवलें नाहीं तर उपाशी मरतो. लक्षद्वीपच्या रहिवाशांच्या पायाखालीं प्रवाळाचीच वाळू आहे, व लाटांचा मारा प्रवाळाचाच बांध सोसतो. त्यांस “कोटि वर्षांत पुन्हां येतील” हें सांगणें म्हणजे घर जळतांना पावसाळ्याचा हवाला देण्यासारखें आहे.

लक्षद्वीप दूर वाटत असेल, तर आपल्या मालवणास, सिंधुदुर्ग किल्ल्याच्या आसपासच्या पाण्यांतहि जिवंत पोवळीं आहेत. तेथें मुलांबाळांसह जाणाऱ्या कुटुंबांनीं तीं पाहावीं, त्यांवर पाय देऊं नये, तुकडा तोडून आणूं नये, इतकें तरी पाळतां येईल. समुद्र तापविणारा खर्च कमी करणें हें याहून अवघड; पण त्याची सुरुवातहि घरांतूनच व्हावयाची. सृष्टि आपला हिशेब कोटि वर्षांनीं करो. गृहस्थास तो नातवंडांच्या आयुष्यानें करावा लागतो.