चार्जशीट हातात पडल्यावर

आमच्या खात्यातल्या एका टर्नरचं रात्रपाळीत सुपरवायझरशी भांडण झालं. दुसऱ्याच दिवशी त्याला सस्पेंड केलं आणि पाठोपाठ चार्जशीट आली: शिवीगाळ केली, स्पॅनर उगारून मारण्याची धमकी दिली. त्याच्या बाजूने चौकशीत बसायला युनियनने मला सांगितलं. आदर्श स्थायी आदेशांनुसार कामगाराला आपल्याच खात्यातल्या सहकाऱ्याकडून किंवा युनियनच्या पदाधिकाऱ्याकडून बचाव करून घेता येत होता. नाशिकच्या आमच्या कारखान्यात बऱ्याच जणांना हे ठाऊकच नव्हतं. माणसं एकटी जायची, घाबरून माफीनामा लिहून द्यायची, आणि तोच कबुलीजबाब ठरायचा.

त्याने मला सुरुवातीलाच सांगून टाकलं, "भाऊ, शिवी दिली मी. स्पॅनरला हात लावला नाही." शिवीची शिक्षा व्हायला हवी, असं माझंही मत होतं. पण धमकी सिद्ध झाली असती तर नोकरीच गेली असती. नेमकं काय घडलं ते सगळ्यांसमोर तपासा, एवढंच आमचं मागणं होतं.

कंपनीने बाहेरचे एक वकील इन्क्वायरी ऑफिसर नेमले होते. साक्षीदार मराठीत बोलायचा आणि साहेब टायपिस्टला इंग्रजीत सांगायचे. सिक्युरिटीचा गार्ड म्हणाला, "आरडाओरडा ऐकला." कागदावर उमटलं, धमक्या ऐकल्या. मी ते पान वाचून दाखवायला लावलं आणि दुरुस्त होईपर्यंत आम्ही सही केली नाही. पुढचं कामकाज मराठीत चालवा, असा अर्जही त्याच बैठकीत दिला. इंग्रजी, हिंदी की मराठी, ही निवड कामगाराची होती. साहेब नाराज झाले, पण ते पान पुन्हा टाईप झालं.

उलटतपासणीत मी गार्डला विचारलं, तुम्ही कुठे उभे होता? दाराशी. तिथून लेथ दिसतं? मधे मालाचा रॅक आहे, नाही दिसत. मग तुमच्या जबाबात स्पॅनर कुठून आला? तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "जबाब ऑफिसात तयार होता. मी सही केली." हे वाक्य जसंच्या तसं नोंदवून घेतलं. साक्षीदाराला समोर बसवून प्रश्न विचारता आले नसते, तर तो तयार जबाबच खरा ठरला असता.

तारखा मात्र लांबत गेल्या. निलंबनाच्या पहिल्या ९० दिवसांत निम्मा पगार मिळतो, आणि चौकशी कामगारामुळे रेंगाळली नसेल तर त्यानंतर पाऊण. एका महिन्यात तोही आला नाही, पत्र देऊन मागावा लागला. निम्म्या पगारात घर चालवणारा माणूस आतून खचत जातो. एका संध्याकाळी हा म्हणाला, "काय हवं ते लिहून देतो, एकदाचं संपवा." त्याला थोपवणं मला सगळ्या उलटतपासण्यांपेक्षा जड गेलं. त्याची बायको ठाम राहिली म्हणून तो राहिला.

चौकशी संपल्यावर थेट बडतर्फीची कारणे दाखवा नोटीस आली. सोबत अहवाल नव्हता. हैदराबादच्या इलेक्ट्रॉनिक्स कॉर्पोरेशनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये ठरवून दिलं आहे, की शिक्षेआधी चौकशीच्या अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला द्यायला हवी, मग नोकरी सरकारी असो वा खासगी. त्या निकालाचा हवाला देऊन आम्ही प्रत मागितली. ती हातात आली तेव्हा तिच्यात स्वच्छ लिहिलं होतं: शिवीगाळ सिद्ध, धमकी सिद्ध नाही. नोटिशीत मात्र दोन्ही आरोप सिद्ध धरले होते! अहवाल न वाचता खुलासा दिला असता, तर हे आम्हाला कळलंच नसतं.

आमच्या खुलाशानंतर बडतर्फी मागे पडली. शिवीगाळीबद्दल चार दिवसांचं निलंबन झालं आणि ते त्याने तक्रार न करता भोगलं.

तो गार्ड ठेकेदाराचा होता. निकालानंतर काही दिवसांनी तो गेटवर दिसेना, म्हणून मी चौकशी केली. "त्याची ड्यूटी बंद केली," एवढंच उत्तर मिळालं. त्याला चार्जशीट दिली नव्हती, की काही विचारलंही नव्हतं. मी युनियनमध्ये विषय काढला, तर तो आपला सभासद नाही, असं मला सांगण्यात आलं.