बेपत्ता

१४ एप्रिल म्हटलं की आपल्या हैदराबादेत आंबेडकर जयंती आठवते. हुसेनसागरच्या बाजूला निळे झेंडे, ढोल, गर्दी. त्याच दिवशी देशभरात अग्निशमन सेवा सप्ताहही सुरू होतो. आग कशी विझवायची याची प्रात्यक्षिकं होतात, पोस्टर लागतात. पण हा सप्ताह १४ एप्रिललाच का, असं विचारलं तर फारसं कुणाला सांगता येत नाही. आमच्या घरी ते लहानपणापासून माहीत आहे. माझ्या आजीचे वडील १९४४ साली त्या दिवशी मुंबईच्या गोदीत कामाला गेले, ते परत आले नाहीत.

तो शुक्रवार होता. ईस्टर होऊन पाचच दिवस झाले होते. व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकीन’ नावाचं मालवाहू जहाज दोन दिवसांपूर्वीच लागलं होतं. ते इंग्लंडहून कराचीमार्गे आलं होतं. युद्धाचे दिवस, त्यामुळे त्याच्या पोटात सुमारे १,४०० टन दारूगोळा होता, विमानं होती, सोन्याच्या १२४ विटा होत्या. कराचीला त्यात कापसाच्या हजारो गाठी भरल्या गेल्या. कापूस आणि दारूगोळा एकाच जहाजात! दुपारी दोनच्या सुमारास धूर दिसला. बंब आले, पाण्याचा मारा सुरू झाला. पण जहाज तिथेच बुडवायचं की आग विझवत राहायचं, यावर अधिकाऱ्यांचं एकमत होईना. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला आणि साधारण अर्ध्या तासाने दुसरा, त्याहून मोठा. हादऱ्याची नोंद थेट शिमल्याच्या भूकंपमापकावर झाली. आसपासची जहाजं बुडाली, मस्जिद बंदर आणि मांडवीच्या बाजूची गोदामं, घरं जळाली. आग आटोक्यात यायला तीन दिवस लागले. मलबा उपसायला आठ हजार माणसं सात महिने राबत होती.

आग विझवताना अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. भायखळ्याला दलाच्या मुख्यालयात त्यांचं स्मारक आहे आणि हा सप्ताह त्यांच्याच आठवणीत पाळतात. सोन्याच्या विटांच्या गोष्टी तर अजून सांगितल्या जातात. कुठली वीट कुणाच्या घरावर जाऊन पडली, कुठली कितीतरी वर्षांनी गाळ उपसताना सापडली. पण एकूण माणसं किती गेली हे शोधायला गेलं की कुठे सातशेच्या वर, कुठे आठशे, कुठे तेराशे असे आकडे सापडतात. वीट अन् वीट मोजलेली होती, माणसांचा मात्र पाचशेचा फरक. त्या फरकात माझे पणजोबा आहेत, असं मला वाटतं.

ते रोजंदारीवर, टोळीने काम करायचे. वसईहून मुंबईला आलेले. आज या जहाजावर, उद्या त्या. गोदी कामगारांची नोंदणी करण्याचा कायदा १९४८ साली आला, म्हणजे चार वर्षं उशिरा. शिवाय युद्धामुळे बातम्यांवर सेन्सॉर. जपान्यांच्या ताब्यातल्या सायगाव रेडिओने दुसऱ्याच दिवशी बातमी दिली, पण इथल्या वार्ताहरांना सविस्तर बातम्या पाठवायला परवानगी मिळाली ती मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात. तोवर माझी पणजी हॉस्पिटलांच्या दारात फिरत होती. आजी तेव्हा चार वर्षांची. तिला स्फोट आठवत नाही. आईच्या पायांना आलेले फोड आठवतात.

शेवटी एक शब्द हाती आला, ‘बेपत्ता’. मी साहित्याची विद्यार्थिनी, शब्द फोडून बघायची सवय. बेपत्ता म्हणजे ज्याचा पत्ता नाही असा. पणजोबांना पत्ता होता. माझगावला चाळीत खोली होती, घरात वाट बघणारी माणसं होती. पत्ता नव्हता तो त्यांच्या मरणाला.

फोर्ट स्टिकीन कॅनडात बांधलेलं होतं. त्याच कॅनडातल्या हॅलिफॅक्स बंदरात ६ डिसेंबर १९१७ रोजी, पहिल्या महायुद्धात, असंच एक दारूगोळ्याचं जहाज फुटून दोन हजारांच्या आसपास माणसं मेली होती. तिथल्या अभिलेखागाराने मृतांची नावानिशी स्मरणवही केली आहे. ती इंटरनेटवर कुणालाही उघडता येते. मी एका रात्री ती बघत बसले होते. परक्या लोकांची नावं, पण वाचवत जातात. आपल्याकडे अशी वही असती तर आजीने पहिल्यांदा कुठलं पान उघडलं असतं, ते मला माहीत आहे.

आमच्याकडे वही आहे ती फक्त चर्चची. नोव्हेंबरमध्ये मृतांच्या मिस्सासाठी पाकिटावर नावं लिहून द्यायची असतात. पणजोबांना कबर नाही, त्यामुळे मेणबत्ती लावायला जागा नाही. नाव वाचलं जातं एवढंच. आता आजीचा हात थरथरतो, म्हणून पाकीट मी लिहिते. गेल्या वर्षी नाव लिहून झाल्यावर ती म्हणाली, “त्यांच्या टोळीतल्यांचंही लिही गो.”

मी विचारलं, “नावं काय त्यांची?”

“ती कुणाला ठाऊक?”

आपल्या संतांच्या पंचांगात संत पॉल मिकी आणि सोबती असं असतं. जपानमध्ये त्यांच्याबरोबर क्रुसावर गेलेले पंचवीस जण त्या एका शब्दात येतात. मी पणजोबांच्या नावापुढे तसंच लिहिलं, “आणि सोबती”. फादरांनी तेलुगू वळणाने नाव वाचलं, जरा अडखळले, मग तो शब्दही वाचला. आजीने मान हलवली आणि पुढचं नाव ऐकू लागली.