दृष्ट कोणाची?

चाकणच्या बाजारात कांद्याच्या गाड्यांची रांग लागते तेव्हा बघा, बहुतेक ट्रकच्या पुढे लिंबू-मिरची लोंबत असते. तिथून महाळुंगे, निघोज्याकडे वळलं तर कारखान्यांच्या फाटकांवरही तेच. आत लाखालाखांची यंत्रं आणि त्यांची राखण करायला एक लिंबू! शेतात काळं मडकं, लेकराच्या गालावर तीट, गाईच्या गळ्यात काळा दोरा. कुणी डोळे भरून पाहिलं, मनात काही आणलं, की समोरची चांगली वस्तू नासते, असा हा हिशेब.

तीट लावण्याबद्दल माझी तक्रार नाही. नातवाला मीही लावते, गोड दिसतो. आळंदीला माउलींनी चालवलेली भिंत दाखवतात, तिच्यापुढे माझे हात आपोआप जुळतात. पण भिंतीच्या गोष्टीनं कधी कुणाची चूल विझली नाही. दृष्टीच्या गोष्टीला मात्र ‘कोणाची?’ हा प्रश्न चिकटलेला असतो, आणि घात होतो तो तिथं.

आमच्या गावात या प्रश्नाचं उत्तर वर्षानुवर्षं ठरलेलं होतं. वेशीजवळची काकू. नवरा तरुणपणी गेला, पोटी मूल नाही, बोलणं तोंडावर. कुणाची गाय व्याली की ही बघायला हजर. “कास काय भरलीय गं बाई!” म्हणणार आणि चहा पिऊन जाणार. कौतुकच ते, दुसरं काय?

माझ्या जावेची गाय व्याली तेव्हा ती अशीच येऊन गेली. पाचव्या दिवशी कास दगडासारखी टणक झाली, एका सडातून दुधाऐवजी गाठी आणि पिवळं पाणी. जावेनं मीठ-मोहऱ्या ओवाळून चुलीत टाकल्या आणि काकूचं नाव घेतलं. सांज व्हायच्या आत ते गावभर झालं. मी दिरांच्या मागे लागून जनावरांच्या डॉक्टरांना बोलावलं. त्यांनी कासेला हात लावला आणि म्हणाले, दगडी झालीय. धार काढल्यावर सडाचं तोंड निदान अर्धा तास तरी उघडं राहतं. त्या वेळात गाय शेणामुतात बसली की जंतू आत शिरतात. म्हणून धार झाली की तिच्यापुढे वैरण टाकायची, म्हणजे ती उभी राहते. त्यांनी सडात औषध सोडलं, सुया दिल्या, आणि सांगतील तितके दिवस दूध डेअरीला घालू नका म्हणून बजावलं. तीन सड वाचले, एक गेला.

या रोगावर पेनिसिलीनच्या घराण्यातली औषधं वापरतात. ते पेनिसिलीन बनवणारी हिंदुस्थान अँटिबायोटिक्स ही सरकारी कंपनी १९५४ साली आपल्याच पिंपरीत निघाली. कुठं लांब जायला नको!

त्या दिवसापासून मी एक ताडून पाहते आहे. गाय व्याल्यावर कास भरते, तेव्हाच लोक बघायला येतात, आणि दगडीची भीतीही तेव्हाच जास्त. कांद्याचंही तसंच. पात हिरवीगार, दाट झाली की येणारा-जाणारा थांबून बघतो. त्याच दाट पातीत ढगाळ हवा आणि दव साचलं की करपा पडतो. फुलकिडे पात कुरतडून गेलेले असले तर आणखीच. राजगुरुनगरला कांदा-लसणाचं केंद्र सरकारचं संशोधन केंद्र आहे, तिथं जाऊन कुणीही विचारावं. कौतुकाची वेळ आणि रोगाची वेळ एकच पडते, आणि आपण कौतुक करणाऱ्याला धरतो. बघून गेल्यावर काहीच झालं नाही, असे दिवस कोण मोजून ठेवतं?

आमचे हे पूर्वी भोसरीला एका लहान वर्कशॉपात प्रेसवर होते. प्रेसला दोन बटणं, दोन्ही हातांनी एकदम दाबायची, म्हणजे हात डायखाली राहत नाही. माल भराभर निघावा म्हणून तिथं एक बटण चिकटपट्टीनं कायमचं दाबून ठेवलेलं. तिसऱ्या पाळीत एका पोराची दोन बोटं गेली. दुसऱ्या दिवशी मशिनला नवं लिंबू बांधलं, आणि पोराच्या वाईटावर कोण आहे याची चर्चा झाली. पट्टी तशीच राहिली.

काकूचं मात्र माझ्या मनातून जाईना. हळदीकुंकवाला बोलावणं विधवा म्हणून आधीच नव्हतं. आता बारशालाही नाही. दळण टाकायला गेली तर बाया डबे उचलून बाजूला. आणि हे वाढलं कधी? तिचे अकरा गुंठे डांबरी सडकेला लागून. चाकणला कारखाने आले, सडकेकडेच्या गुंठ्याला भाव आला, तेव्हापासून. भावकीतले दोघे कधीचे टपलेले. “या बाईला गावात ठेवून चालायचं नाही,” असं पहिल्यांदा बोलले ते तेच. त्यांच्या गोठ्यात तर गाईही नाहीत!

डॉक्टर नरेंद्र दाभोलकर जादूटोण्याविरुद्धच्या कायद्यासाठी वर्षानुवर्षं झटले. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला. काही दिवसांतच सरकारनं वटहुकूम काढला आणि डिसेंबरात कायदा झाला. त्याच्या अनुसूचीत आपल्या गोठ्यातलीच गोष्ट आहे. अमक्यानं मंत्रतंत्रानं जनावराचं दूध आटवलं, अमका अपशकुनी आहे, असा समज पसरवणं हा गुन्हा. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, शिवाय पाच हजार ते पन्नास हजार रुपये दंड. बचत गटाच्या बैठकीत मी शाळेच्या बाईंकडून ते वाचून घेतलं. जाऊ खाली मान घालून वातीच वळत बसली. भावकीतल्या एकाची बायको उठून गेली.

यंदा जावेची दुसरी गाय व्याली. काकूला हाक मी मारली. ती अंगणापर्यंत आली, गोठ्यात येईना. मग जाऊच खरवसाची वाटी घेऊन बाहेर गेली. काकूनं वाटी घेतली, पण गाईकडे पाठ करूनच खाल्लं. जमीन अजून तिच्याच नावावर आहे. सातबाऱ्याचा उतारा तिनं माझ्या ट्रंकेत ठेवायला दिलाय.